ट्रकमालकाचे दोन लाख घ्यावेत का? अपघाती मृत्यूनंतरच्या भरपाईबद्दल

एरंडोल तालुक्यातल्या एका भाऊंनी विचारलं आहे: "पारोळा-एरंडोल दरम्यान हायवेवर आमच्या दाजींच्या मोटरसायकलला ट्रकने मागून धडक दिली, जागीच गेले. वय ३४. घरची तीन एकर कापसाची शेती, दोन म्हशी आणि एरवी दुसऱ्याच्या पिकअपवर ड्रायव्हर. मागे बहीण, दोन लहान मुलं आणि दाजींची आई. गंधमुक्तीच्या दुसऱ्या दिवशी ट्रकमालकाचा माणूस दारावर आला. दोन लाख रोख देतो, स्टॅम्पवर सही करा, कोर्टात काय वर्षं जातील, असं म्हणाला. घ्यावेत का? कोर्टात किती मिळतील?"

भाऊ, सही करू नका. बहिणीलाही करू देऊ नका, आईचा अंगठाही नको. तो माणूस "फक्त पोहोच म्हणून" कागद पुढे करेल आणि त्यात "आमची कोणाविरुद्ध तक्रार नाही, अपघात मयताच्या चुकीने झाला" अशी एक ओळ असेल. अशा कागदाने गुन्हा मिटत नाही. निष्काळजीपणाने मृत्यू घडवल्याचा गुन्हा (आधीचं भारतीय दंड संहितेचं कलम ३०४-अ, १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेचं कलम १०६) घरच्यांच्या सहीने मागे घेता येत नाही. पण तोच कागद पुढे क्लेम केसमध्ये विमा कंपनीचा वकील बहिणीला साक्षीत दाखवतो. जळगाव आणि अमळनेरला २२ वर्षं हे दावे चालवतोय. ही एक ओळ समजावून सांगण्यात किती तारखा गेल्या, याचा हिशोब नाही.

आता दोन लाख हा आकडा किती लहान आहे, ते समजून घ्या.

मृत्यूची भरपाई न्यायाधीश मनाने ठरवत नाहीत. सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये सरला वर्मा खटल्यात आणि ३१ ऑक्टोबर २०१७ ला प्रणय सेठी खटल्यात हिशोबाची रीत घालून दिली आहे, देशभर तीच चालते. मयताचं महिन्याचं उत्पन्न धरायचं. वय चाळिशीच्या आत आणि धंदा स्वतःचा किंवा ठरावीक पगाराचा असेल, तर पुढे उत्पन्न वाढलं असतं म्हणून त्यात ४० टक्के मिळवायचे. कायम नोकरी असेल तर ५० टक्के. मग तो माणूस स्वतःवर जेवढा खर्च करत होता तेवढा वजा करायचा. मागे चार ते सहा जण अवलंबून असतील तर चौथा हिस्सा, दोन-तीन असतील तर तिसरा हिस्सा, अविवाहित असेल तर बहुधा निम्मे. जे उरेल त्याला वयाप्रमाणे गुणक लावायचा. ३१ ते ३५ वयाला १६, २६ ते ३० ला १७, ४१ ते ४५ ला १४, असा तो उतरत जातो.

तुमच्या दाजींचं उत्पन्न महिना १५,००० सिद्ध झालं असं धरू. वर्षाचे १,८०,०००. त्यात ४० टक्के मिळवले की २,५२,०००. चौथा हिस्सा वजा केला की १,८९,०००. गुणिले १६, म्हणजे ३०,२४,०००. यावर पत्नी, दोन मुलं आणि आई या चौघांना जवळचं माणूस गमावल्याबद्दल प्रत्येकी ४८,४००. अंत्यविधीचे १८,१५० आणि संपत्तीच्या हानीचे १८,१५०. (हे आकडे मुळात ४०,००० आणि १५,००० होते. दर तीन वर्षांनी १० टक्के वाढतात, २०२३ च्या वाढीनंतरचे हे आहेत.) सगळं मिळून ३२,५३,९००, वर दावा दाखल केल्यापासूनचं व्याज.

तेच उत्पन्न १०,००० धरलं गेलं तर एकूण २२,४५,९००. महिन्याच्या पाच हजारांनी दहा लाखांचा फरक पडला. याच हिशोबाने महिन्याचे फक्त एक हजार रुपये जास्त सिद्ध झाले, तर तुमच्या केसमध्ये २,०१,६०० वाढतात. ट्रकमालक जे दोन लाख देऊ करतोय, ते दाजींच्या एक हजाराच्या कमाईच्या पुराव्याएवढे आहेत. म्हणून आता सगळं लक्ष पुराव्यावर ठेवा.

आपल्याकडची अडचण इथेच आहे. नोकरदाराची पगार स्लिप असते. आपला माणूस कापूस खेडा खरेदीत विकतो, व्यापारी नोटा मोजून देतो, पावती नाही. पिकअपचं भाडं हातात येतं, ड्रायव्हरचा पगार मालक खिशातून काढून देतो. कोर्टात "महिना तीस हजार कमवायचे" असं सांगितलं आणि कागद नसला, की मोटार अपघात दावा प्राधिकरण (हे दावे चालवणारं कोर्ट) किमान वेतनाच्या आसपासचा आकडा धरतं. त्यात न्यायाधीशांचा दोष नाही, त्यांच्यापुढे दुसरं काही आलेलंच नसतं.

पारोळा भागातली एक केस सांगतो. त्या घरी गेलो तेव्हा बाई म्हणाली, "कागदं काहीच नाहीत." सासूने पत्र्याची पेटी उघडली. त्यात डेअरीचं दुधाचं पुस्तक होतं, सकाळ-संध्याकाळचं लिटर, फॅट आणि दर दहा दिवसांनी मिळालेला पगार, सलग चौदा महिने. त्याखाली जिनिंगच्या दोन काटापट्ट्या, घाम लागून पुसट झालेल्या, पण वजन आणि भाव वाचता येत होते. शेवटी शंभर पानी वही, तिच्यात मयताने स्वतःच्या अक्षरात भाडी लिहिलेली: "चोपडा केळी, ३५००, डिझेल ११००." त्या वहीवर आम्ही ज्याची गाडी होती त्या मालकाला साक्षीला आणलं. त्याने अक्षर ओळखलं, रकमा खऱ्या आहेत म्हणून सांगितलं. आम्ही जेवढं उत्पन्न मागितलं होतं, जवळजवळ तेवढंच धरलं गेलं. ती पेटी साफसफाईत रद्दीवाल्याकडे गेली असती तर दावा निम्म्यावर आला असता.

तुम्हीही घरी गेल्यावर असंच शोधा. दुधाचं पुस्तक. सीसीआयला (सरकारी कापूस खरेदीत) कापूस दिला असेल तर खात्यात आलेली रक्कम. सातबारा, ८-अ आणि ई-पीक पाहणी. सोसायटीचं पीककर्ज. मोटरसायकलचे हप्ते फिटत होते त्याचा उतारा, कारण जो माणूस दरमहा हप्ता भरतो त्याची कमाई आहे हे न सांगता कळतं. दाजींचा फोन कोणाला देऊन टाकू नका, सिम बंद करू नका. फोनपेवर आलेली भाडी त्यात आहेत. बँकेतून गेल्या तीन वर्षांचा उतारा शिक्क्यासह काढा.

शेतीच्या बाबतीत एक गोष्ट बऱ्याच जणांना कळत नाही. तीन एकर दाखवले म्हणून त्याचं सगळं उत्पन्न धरलं जात नाही. न्यायालयं म्हणतात, जमीन तर कुटुंबाकडेच राहिली, गेली ती माणसाची मेहनत आणि देखरेख. म्हणून ती मेहनत दाखवावी लागते. आता शेत कोणाला निम्म्या हिस्स्याने दिलं असेल, तर त्याचा साधा लेखी करार करा. पूर्वी पूर्ण पीक घरात यायचं, आता निम्मं येतं. हा फरक हीच त्या माणसाच्या कष्टाची किंमत, आणि ती कोर्टाला कळते.

पोलीस कागदांकडे वळतो. फिर्याद, घटनास्थळाचा पंचनामा आणि नकाशा, मरणोत्तर पंचनामा, पीएम रिपोर्ट, दोन्ही वाहनांची आरटीओ तपासणी, ट्रकचं आरसी, विमा, परमिट, ड्रायव्हरचं लायसन. या सगळ्यांच्या नकला मागा. फिर्याद कोणी दिली आणि त्यात काय लिहिलंय ते स्वतः वाचा. कधी कधी ट्रकचा ड्रायव्हरच आधी ठाण्यात पोहोचतो आणि "मोटरसायकल घसरून ट्रकखाली आली" असं लिहून जातं. नकाशात गाडी रस्त्याच्या कोणत्या बाजूला दाखवली आहे ते पाहा. चुकीचं असेल तर लगेच लेखी अर्ज द्या, पोलीस अधीक्षक कार्यालयालाही प्रत द्या. अपघाताच्या रात्री गावातल्या कोणीतरी मोबाइलवर फोटो काढलेलेच असतात. ते मूळ फोनमध्ये जपायला सांगा, व्हॉट्सॲपवर फिरलेल्या प्रतीवर अवलंबून राहू नका. एका केसमध्ये ट्रकच्या पुढच्या डाव्या कोपऱ्याला लागलेला मोटरसायकलचा लाल रंग एका फोटोत दिसत होता. धडक मागून बसली हे त्या फोटोने सिद्ध झालं.

हेल्मेट नव्हतं म्हणून दावा बुडेल, अशी भीती घालतील. अपघात कोणाच्या चुकीने झाला, हा वेगळा प्रश्न आहे. तिघे बसले होते एवढ्याच कारणावरून चूक मयताची धरता येत नाही, हेही सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये सांगितलं आहे. ड्रायव्हर फौजदारी खटल्यात सुटला तरी क्लेम संपत नाही. इथे पुरावा शंकेपलीकडचा लागत नाही, काय घडलं असण्याची शक्यता जास्त आहे, एवढं पाहिलं जातं.

१ एप्रिल २०२२ पासून नियम असे आहेत की तपास अधिकाऱ्याने ४८ तासांत पहिला अपघात अहवाल आणि ९० दिवसांत सविस्तर अहवाल प्राधिकरणाकडे द्यायचा, कुटुंबाला त्यांच्या हक्कांचा नमुना द्यायचा. डिसेंबर २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे काटेकोर पाळा असं बजावलं. तरीही ठाण्यात जाऊन "आमचा सविस्तर अहवाल गेला का?" असं विचारत राहा. विचारणाऱ्याचं काम होतं, हा माझा अनुभव आहे.

ट्रकचा विमा आजच एम-परिवहन ॲपवर नंबर टाकून पाहा आणि स्क्रीनशॉट ठेवा. अपघाताच्या दिवशी, त्या वेळेला विमा चालू होता का, एवढाच प्रश्न. नसेल तर ट्रक सोडण्यास लेखी विरोध करा. विमा नसलेली गाडी तारण घेतल्याशिवाय सोडू नये, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये सांगितलं आहे. गाडी एकदा सुटली की मालकाकडून वसुली फार अवघड होते. विमा असेल, पण ड्रायव्हरचं लायसन संपलेलं किंवा खोटं निघालं, तर कंपनी हात वर करेल. घाबरू नका. अशा बहुतेक प्रकरणांत प्राधिकरण कंपनीला सांगतं, आधी कुटुंबाला द्या, मग मालकाकडून वसूल करा.

पुढे कदाचित कंपनीकडूनच कोणी येईल आणि म्हणेल, कोणाची चूक ते सिद्ध न करता पाच लाख मिळतात, लगेच देतो. मोटार वाहन कायद्यात तशी सोय आहे, कलम १६४, मृत्यूला ५ लाख. पण ती रक्कम कलम १४९ च्या (कंपनीशी थेट तडजोडीच्या) पद्धतीने स्वीकारली की प्राधिकरणापुढचा मोठा दावा संपतो, असं कलम १६६ मध्येच लिहिलं आहे. ज्या घरात चूक सिद्ध करणं अशक्य आहे, साक्षीदार नाही, मयताचीच चूक दिसते, त्यांच्यासाठी हा रस्ता चांगला आहे. तुमच्यासाठी नाही. मागून धडक आहे, गुन्हा ट्रकवर आहे, मुलं लहान आहेत.

दावा कुठे करायचा? अपघात पारोळा हद्दीत झाला असला तरी बहीण जिथे राहते तिथलं प्राधिकरण चालतं. आपला माणूस सुरतला कामाला असताना गुजरातेत गेला, तरी दावा जळगाव, धुळे, नंदुरबारला करता येतो. मुदतीचं मात्र मनावर घ्या. २०२२ पासून ६ महिन्यांची अट पुन्हा आली आहे. तिच्यावर वाद चालू आहे, आणि केवळ उशीर झाला म्हणून दावे फेटाळू नका असा अंतरिम आदेश सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२५ मध्ये दिला आहे. ज्यांचे सहा महिने उलटून गेले त्यांनी आशा सोडू नये, पण तुमच्या हातात वेळ असताना त्या आदेशावर विसंबू नका.

तुमच्या प्रश्नात नाही, पण आपल्या भागात हे इतकं घडतं की सांगितल्याशिवाय राहवत नाही. फेब्रुवारी २०२१ मध्ये यावल तालुक्यात किनगावजवळ पपईचा ट्रक उलटला आणि रावेर तालुक्यातले पंधराच्या आसपास मजूर एका रात्रीत गेले. मालवाहू गाडीत फुकट किंवा भाडं देऊन बसलेल्या प्रवाशाची जबाबदारी विमा कंपनीवर नसते, असं सर्वोच्च न्यायालयाने फार आधीच ठरवलं आहे. माल ज्याचा तो मालासोबत बसला असेल, किंवा गाडीवर हमालीला ठेवलेला मजूर असेल, तर गोष्ट वेगळी. म्हणून ट्रॅक्टर-ट्रॉलीत, पिकअपमध्ये माणूस गेला असेल तर फिर्यादीत "कामावर होता, माल भरायला-उतरवायला होता" हे खरं असेल तर स्पष्ट आलंच पाहिजे. लग्नाला ट्रॉलीत बसून जाणाऱ्या सातपुड्यातल्या पाड्यांवरच्या कुटुंबांना हे कोणी सांगत नाही, आणि दावा लागतो तो मालकावर, ज्याच्याकडे त्या ट्रॉलीशिवाय काही नसतं.

गाडी सापडलीच नाही, ठोकून पळाली, तर सरकारी योजनेतून मिळणारी रक्कम २ लाख (२०२२ आधी ती २५,००० होती). तो अर्ज कोर्टात नाही, प्रांत किंवा तहसीलदार कार्यालयात करायचा असतो.

क्लेमशिवाय आणखी काही पैसे बहिणीच्या हक्काचे असू शकतात. दाजींच्या पासबुकात मे-जूनच्या आसपास २० रुपये कापले गेलेत का पाहा. कापले असतील तर प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजनेचे २ लाख. ४३६ कापले असतील तर जीवन ज्योतीचे आणखी २ लाख. शेतकरी म्हणून गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजनेतून २ लाख. त्याचा प्रस्ताव तालुका कृषी अधिकाऱ्याकडे ३० दिवसांत द्यायचा आहे, म्हणजे हे काम सगळ्यात आधी. दाजी स्वतः गाडी चालवत होते, तेव्हा त्यांचं लायसन शोधून ठेवा. दाजींच्या विम्याचे पैसे मिळाले म्हणून ट्रकच्या विमा कंपनीला भरपाईतून ते वजा करता येत नाहीत.

वकील करताना टक्केवारीवर काम घेणाऱ्यापासून लांब राहा. "मिळालेल्या रकमेतले इतके टक्के" असा करार वकिलाला करताच येत नाही. सिव्हिल हॉस्पिटलच्या शवागाराबाहेर वकीलपत्रावर सह्या घेणारे फिरतात, त्यांना काहीही देऊ नका. महिलेला उत्पन्नाची अट न पाहता मोफत विधी सहाय्य मिळतं. जळगाव, धुळे, नंदुरबार तिन्ही ठिकाणी जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे, तालुक्याला समिती आहे.

किती वर्षं? कागद पूर्ण असतील आणि कंपनी लोक अदालतीत बसायला तयार झाली तर वर्ष-दीड वर्षात होतं. लढली तर तीन-चार वर्षं, आणि नंतर औरंगाबाद खंडपीठात अपील. म्हणून लोक अदालतीत तडजोडीचा आकडा आला की माझ्यासारख्याला एकच विचारा: "पूर्ण हिशोब किती होतो, आणि हे त्याच्या किती जवळ आहे?"

पैसे आल्यानंतरचं आजच बोलून ठेवा, नंतर तोंडं फिरतात. निकालात प्रत्येकाचा हिस्सा ठरलेला असतो. मुलांचा हिस्सा १८ वर्षांपर्यंत मुदत ठेवीत राहतो, शाळा-दवाखान्यासाठी कोर्टाला अर्ज करून काढता येतो. बहिणीचं खातं तिच्या एकटीच्या नावाचं, तिच्या जवळच्या बँकेत उघडा. सासरचं कोणी नाही आणि भाऊ, तुमचंही नाव त्यात नको. उद्या तिने पाट लावला, दुसरा संसार मांडला, तरी तिचा हक्क जात नाही. मुंबई उच्च न्यायालयाने २०२३ मध्ये तसं स्पष्ट सांगितलं आहे. आणि दाजींच्या आईचा हिस्सा तिचा तिला मिळू द्या. सासू-सुनेचे दोन वेगळे दावे लागले की विमा कंपनीचं काम सोपं होतं.

बहिणीला एकदा तरी पिंजऱ्यात उभं राहावं लागेल. "पती किती कमवत होते?" हा पहिला प्रश्न असतो आणि आपल्या बाया खाली मान घालून म्हणतात, "माले काय माहीत, ते घरमां काही सांगेत नही." तिला आजपासून ते कागद हाताळू द्या. दुधाचं पुस्तक, वही, उतारा तिनेच लावून ठेवावा. विमा कंपनीचा वकील ती वही पुढे धरून विचारेल, हे अक्षर कोणाचं? ते तिला लगेच ओळखता आलं पाहिजे.